थंड टायरचा आकडा आणि तापलेल्या टायरचा आकडा

मालवाहू व्हॅन चालवणाऱ्याला टायरमधल्या हवेचे महत्त्व नव्याने सांगण्याची गरज नाही. हवा कमी असली की टायरच्या दोन्ही कडा झिजतात, जास्त असली की मधला पट्टा झिजतो, कमी हवेची गाडी जड चालते आणि इंधन जास्त पिते, हे सांगली-मिरजेतल्या कोणत्याही ट्रान्सपोर्टवाल्याला पाठ असते. दाराच्या चौकटीवरच्या पट्टीवर किंवा गाडीच्या पुस्तिकेत कंपनीने पुढच्या आणि मागच्या चाकांसाठी आकडे दिलेले असतात, तेवढी हवा भरावी, हेही बहुतेकांना ठाऊक असते. तरीही मे महिन्यात पुणे-बेंगळुरू महामार्गावर पेठ नाक्यापासून खंबाटकी घाटापर्यंत कोणत्याही हवेच्या टपरीजवळ थोडा वेळ उभे राहिले, तर एकच चूक एकामागून एक गाड्यांवर होताना दिसते, आणि ती चूक हवेबद्दल काळजी असणारेच चालक करतात.

तासगावहून बेदाण्याचे बॉक्स भरून निघालेली व्हॅन भर दुपारी कराडच्या पुढे थांबते. चालक मागच्या चाकांसाठी ४५ सांगतो. पोऱ्या नळीचे तोंड व्हॉल्ववर बसवतो आणि गेजचा काटा ५२ वर जातो. ‘लई जास्त हाय,’ असे म्हणून तो व्हॉल्वची पिन दाबतो, सूं आवाज होतो, काटा ४५ वर आला की तो पुढच्या चाकाकडे वळतो. चालक चहा संपवून समाधानाने निघतो. पुस्तिकेतला आकडा आणि गेजवरचा आकडा आता तंतोतंत जुळतात, म्हणून काम चोख झाले असे दोघांनाही वाटते. प्रत्यक्षात तासगावहून निघताना ज्या टायरमध्ये बरोबर हवा होती, त्याच टायरमध्ये आता ती कमी झालेली आहे, आणि अजून खंबाटकी चढायचा राहिला आहे.

कंपनीने दिलेला आकडा थंड टायरचा असतो. गेज दाखवतो तो त्या क्षणीच्या टायरचा आकडा असतो. दोन्ही पीएसआय या दाबाच्या एककातच असतात, दोन्ही एकाच गेजवर वाचले जातात, म्हणून ते एकच आहेत असे गृहीत धरले जाते, आणि सगळा घोटाळा इथेच होतो. मालवाहू गाडीच्या टायरच्या बाजूला कमाल भार आणि त्यासाठी लागणारा दाब छापलेला असतो, त्या ओळीच्या शेवटी बहुतेकदा ‘कोल्ड’ असेही छापलेले असते, पण आकडा वाचून झाल्यावर तिथपर्यंत कोणाची नजर जात नाही.

या दोन आकड्यांत फरक किती पडतो, ते एकदा हिशेब मांडून पाहावे. बंद जागेत कोंडलेल्या हवेचा दाब तिच्या तापमानाच्या प्रमाणात वाढतो, मात्र हे तापमान सेल्सिअसमध्ये २७३ मिळवून धरावे लागते, आणि गेजवरच्या आकड्यात बाहेरच्या वातावरणाचा दाब, म्हणजे आपल्या भागातल्या उंचीवर साधारण १४ पीएसआय, मिळवावा लागतो. पहाटे २५ अंश तापमानाला ४५ पीएसआय भरलेल्या टायरमधला खरा दाब ५९ झाला. तीन तास भरल्या गाडीखाली धावून आतली हवा ६० अंशांवर गेली, तर तो सुमारे ६६ होतो, म्हणजे गेज ५२ दाखवतो. टायरमध्ये हवेचा एक कणही वाढलेला नसताना आकडा ७ ने वाढतो. आता पोऱ्याने सोडून ४५ केलेला हाच टायर रात्री पुण्यात माल उतरवून, पहाटेपर्यंत उभा राहून पुन्हा २५ अंशांवर आला, की गेज ३९ च्या आसपास दाखवेल. चालकाला वाटते की टायर कुठेतरी हळूहळू गळतो आहे, आणि तो पंक्चरवाल्याकडे जातो. या दाबाच्या टायरसाठी एवढे लक्षात ठेवले तरी पुरे की तापमान दर १० अंशांनी बदलले की आकडा साधारण २ पीएसआयने बदलतो.

इथे एक शंका नेहमी विचारली जाते, आणि ती रास्त आहे: हवा वाढलेली नसली तरी दाब तर खरोखर वाढलेला आहे, मग टायर फुटणार नाही का? टायर बनवणाऱ्याला आणि गाडी बनवणाऱ्याला धावताना टायर तापणार हे माहीत असते. धावताना दाब इतका चढेल हे धरूनच थंड टायरचा आकडा ठरवलेला असतो, आणि चांगल्या स्थितीतल्या टायरचा सांगाडा या वाढीच्या कितीतरी पलीकडचा दाब सहन करतो. अजिंक्यताऱ्याची चढण चढून गेल्या गेल्या रक्तदाब मोजावा आणि त्यावरून रोजच्या गोळ्यांचा डोस ठरवावा, तसा तापलेल्या टायरच्या आकड्यावरून हवा सोडण्याचा हा प्रकार आहे.

टायरला मारते ती कमी हवा, आणि त्यामागचे कारण उष्णताच असते. टायर मुख्यतः तापतो तो दबून सुटण्यामुळे. तापलेला रस्ता त्यात भर घालतो, इतकेच. व्हॅनच्या चाकाचा घेर दोन मीटरच्या आसपास असतो, म्हणजे ताशी ६० किलोमीटर वेगाने जाताना टायरचा प्रत्येक भाग सेकंदाला आठ वेळा जमिनीला टेकतो, चेपतो आणि पुन्हा सरळ होतो. रबर चेपताना घेतलेली सगळी ऊर्जा परत देत नाही, त्यातली काही उष्णता म्हणून आतच राहते. हवा कमी असली की बाजूची भिंत जास्त चेपते, जास्त तापते, आणि त्यात गाडी भरलेली असेल व वेग जास्त असेल तर ही उष्णता बाहेर पडण्यापेक्षा वेगाने साठत जाते. शेवटी रबराचा थर आतल्या पट्ट्यांपासून सुटतो किंवा बाजूच्या भिंतीतले धागे थकून तुटतात. लोक त्याला ‘उन्हाने टायर फुटला’ म्हणतात.

म्हणून ‘उन्हाळा आहे, दोन पॉइंट कमीच ठेवा’ हा सल्ला मला सर्वांत जास्त खटकतो. तो जुन्या, अनुभवी माणसांकडून आणि पूर्ण आत्मविश्वासाने दिला जातो, त्यामुळे तो खोडून काढणे कठीण जाते. ज्या मोसमात टायरला उष्णता बाहेर टाकणे सर्वांत अवघड असते, त्याच मोसमात त्याला जास्त चेपायला लावणारा हा सल्ला आहे. सांगलीत पारा ४० च्या घरात असतो तेव्हाही थंड टायरचा आकडा तोच राहतो, जो पुस्तिकेत दिला आहे. त्यातून कमी करण्याचे कारण नाही.

आता ‘थंड’ म्हणजे काय, हेही नीट पाहिले पाहिजे, कारण पहिला घोटाळा सुटलेली माणसे इथे अडकतात. थंड ही टायरची स्थिती आहे, विशिष्ट तापमान नव्हे. गाडी निदान तीन तास उभी आहे, किंवा हळू वेगाने दीड-दोन किलोमीटरपेक्षा जास्त चाललेली नाही, आणि टायरवर थेट ऊन नाही, अशा वेळी टायर भोवतालच्या हवेइतकाच गरम असतो, आणि तो त्या दिवसापुरता थंड. साताऱ्यात जानेवारीच्या पहाटेचा थंड टायर आणि मेच्या पहाटेचा थंड टायर यांच्यात दहा अंशांचा फरक सहज असतो, म्हणून मेमध्ये बरोबर भरलेला टायर जानेवारीत २ पीएसआय कमी दाखवतो, आणि ही कमतरता खरी असते, ती भरून काढावी. उलट थंडीत भरलेला टायर उन्हाळ्यातल्या पहाटे २ जास्त दाखवत असेल, तर तेवढी हवा काढायला हरकत नाही, कारण इथे आपण थंड टायरचीच तुलना थंड टायरच्या आकड्याशी करत आहोत. उन्हाळ्यात हवा काढण्याला माझा विरोध आहे तो तापलेल्या टायरमधून काढण्याला आणि पुस्तिकेच्या आकड्याखाली जाण्याला. अंगणात उभ्या असलेल्या गाडीची एक बाजू उन्हात आणि दुसरी भिंतीच्या सावलीत असते, तेव्हा डावी-उजवी चाके वेगळे आकडे दाखवतात, तिथेही सूर्योदयाआधी मोजणे हाच सरळ उपाय आहे.

ज्याला हा फरक डोळ्यांनी पाहायचा असेल त्याने स्टेपनीचा उपयोग करावा. पहाटे निघण्यापूर्वी मागची दोन्ही चाके आणि स्टेपनी एकाच आकड्याला भरावीत आणि आणेवाडी टोलनाक्याच्या आसपास थांबून तिन्ही मोजावीत. स्टेपनी धावलेली नसते, त्यामुळे दिवस चढल्याने जेवढा दाब वाढला तेवढाच ती दाखवते. धावलेल्या चाकांचा त्याहून वरचा आकडा म्हणजे चेपण्यातून आलेली उष्णता. आकडा पहाटेपेक्षा दहा-पंधरा टक्क्यांनी वर असणे नेहमीचे आहे.

तापलेल्या टायरचा आकडा निरुपयोगी असतो असे मात्र कोणी समजू नये. तो हवा ठरवण्यासाठी वापरायचा नसतो, रोगनिदानासाठी वापरायचा असतो. पहाटे सारख्या भरलेल्या डाव्या आणि उजव्या चाकांपैकी एकाचा आकडा दुपारी दुसऱ्यापेक्षा चार-पाच पीएसआयने वर गेला असेल, तर त्या बाजूला माल जास्त लागला आहे किंवा त्या चाकाचा ब्रेक धरून राहतो आहे, असा संशय घ्यावा आणि हात डिस्कजवळ, म्हणजे टायर ज्यावर बसवलेला असतो त्या चाकाच्या धातूच्या भागाजवळ, नेऊन ती किती तापली आहे ते पाहावे. पसरणी घाटातून स्ट्रॉबेरीचे क्रेट भरून वाईत उतरलेल्या गाडीचे आकडे तर हमखास चढलेले असतात, कारण ब्रेकची उष्णता ड्रममधून डिस्कमध्ये आणि तिथून टायरमध्ये जाते. खालच्या गिअरमध्ये उतरलेल्या गाडीत ही वाढ कमी दिसते, हे चालकालाच दाखवून देण्यासारखे आहे. दोन्ही चाकांचे आकडे पहाटेपेक्षा वीस टक्क्यांहून जास्त चढले असतील, तर भार, वेग किंवा मुळातली कमी हवा यांपैकी काहीतरी चुकते आहे. अशा वेळी पिन दाबू नये. गाडी सावलीत घ्यावी, टायर निवू द्यावेत आणि कारण शोधावे.

तापलेला टायर पुस्तिकेच्या आकड्यापेक्षाही कमी दाखवत असेल तर मात्र शंकेला जागा नाही: त्यात हवा बरीच कमी आहे. आधी पंक्चर आहे का ते पाहावे, ते नसेल तर थंड आकड्याच्या साधारण दहा टक्के वर हवा भरून पुढे जावे आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पुन्हा मोजून ती बरोबर करावी. रिकामी परतताना ‘आता माल नाही’ म्हणून वाटेत हवा सोडण्याची सवयही याच कारणासाठी टाळावी. काही गाड्यांच्या पट्टीवर रिकाम्या आणि भरलेल्या गाडीसाठी वेगळे आकडे असतात, तेही थंड टायरचेच असतात आणि ते घरी, पहाटे लावायचे असतात.

बाकीचे फरक किरकोळ आहेत. टायरच्या बाजूला छापलेला दाब त्या टायरच्या कमाल भारासाठीचा असतो, तुमच्या गाडीसाठीचा आकडा गाडीच्या पट्टीवरच पाहावा. एक बार म्हणजे साडेचौदा पीएसआय. वाईहून पाचगणीला सुमारे ६०० मीटर चढल्यावर बाहेरच्या हवेचा दाब घटल्यामुळे गेज एखादा पीएसआय जास्त दाखवतो, त्याकडे दुर्लक्ष करावे. साधी हवा की नायट्रोजन यावर तासन्तास वाद घालणाऱ्यांना एवढेच सांगावेसे वाटते की साध्या हवेतही ७८ टक्के नायट्रोजनच असतो आणि तापल्यावर दोन्हींचा दाब सारख्याच प्रमाणात वाढतो. नायट्रोजन कोरडा असतो आणि थोडा हळू गळतो, इतकाच त्याचा फायदा. नायट्रोजन भरला म्हणून तपासणी महिनोन्‌महिने पुढे ढकलणाऱ्याचा मात्र तोटाच होतो.

गेज स्वतःचा घ्यावा, याबाबत माझे मत ठाम आहे. टपरीवरचे गेज दिवसभर जमिनीवर आपटत असतात आणि दोन टपऱ्यांचे आकडे क्वचितच जुळतात. शिवाय टपरी घरापासून दूर असेल तर तिथे पोहोचेपर्यंत टायर थंड राहत नाही. घरी पहाटे चारही चाके मोजावीत आणि कोणत्या चाकाला किती कमी आहे ते कागदावर लिहावे. टपरीवर गेल्यावर तिथला गेज जो आकडा दाखवेल त्यात तेवढीच भर घालायला सांगावे. मागच्या उजव्या चाकाला घरी ४ कमी होती आणि टपरीवर तो टायर ४४ दाखवत असेल, तर तो ४८ करून घ्यावा, आणि पोऱ्या ‘पंचेचाळीसच सांगितलं होतं ना?’ म्हणाला तरी पिनला हात लावू देऊ नये.