बार्शी लाइटची मोडलेली वाट: येडशी ते तडवळे

सोलापूर–तुळजापूर–धाराशिव या सुमारे ८४ किलोमीटरच्या नव्या रेल्वेमार्गाचा विषय निघाला की बार्शीत एक जुना वाद हमखास उकरला जातो. येडशीहून तडवळ्याकडे सरळ जाणारी छोट्या गाडीची, म्हणजे अरुंद रुळांच्या बार्शी लाइट रेल्वेची, वाट रुळांच्या रुंदीकरणात का मोडली आणि गाडी धाराशिवकडून का वळवली?

सुरुवातीचा इतिहास थोडक्यात. मुंबई–सोलापूर मुख्य मार्ग १८६० मध्ये कुर्डुवाडीवरून गेला आणि कापसाची मोठी पेठ असलेली बार्शी बाजूला राहिली. एका इंग्रज अभियंत्याने बरीच वर्षे खटपट करून १८९७ मध्ये कुर्डुवाडीहून तिथपर्यंत २ फूट ६ इंच रुंदीचा रूळ नेला. इंजिन असो वा वाघीण (मालाचा डबा), एका आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार पडू द्यायचा नाही, हा त्याचा नियम. त्यामुळे हलके रूळ चालले आणि खर्च आवाक्यात राहिला. १९०६ मध्ये गाडी पंढरपूरला, १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला पोचली. कंपनी लंडनची. स्वातंत्र्यानंतरही ती टिकून होती. १ जानेवारी १९५४ रोजी सरकारने मार्ग ताब्यात घेतला. आषाढीची गर्दी, टपावरचे वारकरी, गाडीच्या संथपणाचे किस्से सगळ्यांना पाठ आहेत.

स्वस्त रुळाची किंमत कुर्डुवाडीत मोजावी लागत होती. छोट्या वाघिणीतली प्रत्येक गाठ, प्रत्येक पोते उतरवून मोठ्या वाघिणीत चढवायचे. त्यात हमाली, तूटफूट आणि वेळ जायचा. रस्ते सुधारल्यावर तोच माल ट्रकने बार्शीच्या आडतीतून थेट मुंबईला जाऊ लागला आणि छोट्या गाडीकडे मालवाहतूक म्हणावी अशी उरली नाही. प्रवासी एसटीने आधीच नेले होते. त्यामुळे रुंदीकरण हवे की नको, यावर वाद नव्हता. पंढरपूरपर्यंतचा टप्पा आधी झाला, लातूर–धाराशिव २००७ मध्ये, धाराशिव–कुर्डुवाडी २००८ मध्ये आणि मिरजेकडचा त्यानंतर. वाद फक्त वळणाचा होता.

जुना मार्ग येडशीहून थेट तडवळे, ढोकी करत लातूरला जायचा. तडवळ्याच्या स्थानकाला कळंब रोड म्हणत. धाराशिव, म्हणजे तेव्हाचे उस्मानाबाद, जिल्ह्याचे ठिकाण असूनही दक्षिणेला राहिले होते. ढोकीला रेल्वे आणि कलेक्टर कचेरीच्या गावाला नाही, अशी स्थिती १९११ पासून जवळपास शंभर वर्षे चालली. नव्या आखणीत गाडी येडशीहून खाली धाराशिवला जाते आणि पुन्हा वर कळंब रोडला येते. नकाशावर हा कोपरा खटकतोच. बार्शी–लातूर प्रवाशाचे अंतर वाढले आणि मधल्या सरळ पट्ट्यातली वाट कायमची सुटली. रुळाच्या भरवशावर टिकलेली तिथली वर्दळही गेली. बार्शीकरांचा राग समजण्यासारखा आहे: ज्या गावाच्या नावाने रेल्वे उभी राहिली, त्याच्याच सोयीचा विचार सर्वांत शेवटी झाला.

पण सरळ रेषेचा आग्रह धरणारे एक गोष्ट सोडून देतात. रुळ टाकायचे तर ते जिल्ह्याच्या ठिकाणावरून न नेण्याचे समर्थन कुणालाही करता आले नसते. ज्या कारणाने १८९७ मध्ये बार्शीला फाटा काढला, त्याच कारणाने शतकानंतर धाराशिवला वळण दिले. चूक असलीच तर ती जुनी वाट मोडताना मधल्या छोट्या गावांसाठी दुसरे काही न करण्यात आहे.

रुंदीकरणाचा खरा उपयोग एप्रिल २०१६ मध्ये दिसला. लातूरला प्यायला पाणी नव्हते, तेव्हा मिरजेहून टँकरच्या वाघिणी भरून याच मार्गाने, पंढरपूर–कुर्डुवाडी–बार्शी–धाराशिव करत पाणी गेले. पहिल्या खेपेला पाच लाख लिटर होते, पुढे खेपा मोठ्या झाल्या. छोट्या रुळावरच्या वाघिणींना हे झेपले नसते.

नवा तुळजापूर मार्ग धाराशिवलाच येऊन मिळणार, म्हणजे तेव्हाचा तो कोपरा आता जंक्शन होतो. बार्शीच्या पदरात त्यातून काय पडते, हा प्रश्न वेगळा आहे. सोलापूरला जायचे तर रेल्वेने आज कुर्डुवाडीचा वळसा आहे, उद्या धाराशिव–तुळजापूरचा दुसरा होईल. वैरागमार्गे सुटणारी एसटी या दोन्हींपेक्षा सरळ जाते.