गुलाबाचे खोरे, अत्तराची पारख आणि खानदेशातले गवत

बल्गेरियातल्या काझानलक शहरात दरवर्षी जूनच्या पहिल्या शनिवार-रविवारी गुलाबोत्सव रंगात येतो. भरतकामाचे पारंपरिक पोशाख, गळ्यात गुलाबाच्या माळा, हातात हात गुंफून चाललेला ‘होरो’ नाच, शहरातल्या मुलींमधून निवडलेली गुलाबराणी आणि तिची मिरवणूक. सकाळी शेतात पाहुण्यांच्या हाती टोपल्या देतात आणि त्यांनाही चार फुले खुडू देतात. हे सगळे बघण्यासारखे आहेच. मात्र या उत्सवामागे एक पीक आहे, त्या पिकामागे तीन शतकांहून जुना तेलाचा व्यापार आहे, आणि त्या व्यापाराच्या इतिहासात आपल्या खानदेशातल्या एका गवताचेही नाव येते. तिकडे जाणाऱ्याला एवढी पार्श्वभूमी ठाऊक असावी, म्हणून हे टिपण.

हे खोरे देशाच्या मध्यभागी आहे. उत्तरेला स्तारा प्लानिना, म्हणजे बाल्कन पर्वताची मुख्य रांग. दक्षिणेला तिच्याहून बुटकी स्रेद्ना गोरा. मधल्या लांबट पट्ट्यात पश्चिमेकडे स्त्र्यामा आणि पूर्वेकडे तुंजा या नद्या वाहतात. काझानलक, कार्लोवो, सोपोत, कालोफेर ही इथली जुनी गावे. उत्तरेचे बोचरे वारे पर्वत अडवतो, त्यामुळे हिवाळा सोसवतो. जमीन हलकी, रेताड आणि पाण्याचा निचरा होणारी. मे महिन्यात कळ्या उमलतात तेव्हा हवेत ओलावा, पहाटे दव आणि अधूनमधून ढगाळ आभाळ असते. अत्तराच्या गुलाबाला नेमके हेच मानवते. कोरड्या उन्हात फुले भराभर उमलून जातात आणि तेलाचा उतारा घसरतो.

इथला गुलाब दमास्कस गुलाबाच्या जातीचा. मध्यम आकाराचे, फिकट गुलाबी, साधारण तीस पाकळ्यांचे फूल. फुलदाणीत ठेवायला कोणी निवडणार नाही इतके साधे. नाव सीरियातल्या शहराचे असले तरी मूळ तिथले म्हणता येत नाही. २००० साली प्रसिद्ध झालेल्या डीएनए अभ्यासात या गुलाबाचे तीन पूर्वज निघाले, आणि त्यांतला एक मध्य आशियातला जंगली गुलाब आहे. गुलाबपाणी काढायची विद्या इराणातून पसरली. आजही काशानजवळच्या कमसर गावात मे महिन्यात गुलाबपाणी काढण्याचा मोठा हंगाम असतो.

गुलाबपाण्यावर तरंगणारे तेल वेगळे काढण्याची एक सुंदर नोंद आपल्याकडे आहे. जहांगीर बादशहाने आपल्या आठवणींत लिहिले आहे की नूरजहानची आई अस्मत बेगम गुलाबपाणी करत असताना गरम पाण्यावर तेलकट साय धरलेली तिला दिसली, आणि ती तिने थोडी थोडी करून गोळा केली. बादशहा त्या सुगंधावर इतका खूश झाला की त्याने तिला मोत्यांची माळ दिली. अकबराची बेगम सलीमा सुलतान हिने त्या अत्तराला ‘इत्र-ए-जहांगिरी’ असे नाव दिले. पहिला शोध तिथेच लागला की आधी दुसरीकडे, यावर जाणकार वाद घालोत. सतराव्या शतकाच्या आरंभी ही गोष्ट मुघल दरबारात अपूर्वाईची होती, एवढे त्यावरून नक्की कळते. त्याच शतकात उस्मानी तुर्कांच्या राज्यात असलेल्या या बाल्कन खोऱ्यात गुलाबाची लागवड मूळ धरत होती.

आता खुद्द कामाकडे वळू, कारण त्याशिवाय या फुलाच्या किमतीचा उलगडा होत नाही. हंगाम मेच्या मध्यापासून जूनच्या पहिल्या पंधरवड्यापर्यंत, जेमतेम तीन-चार आठवड्यांचा. खुडणी पहाटे सुरू होते आणि नऊ-दहाला आटोपते, कारण ऊन चढले की फुलातले तेल घटत जाते. फूल देठाला धरून अंगठ्याने मोडायचे आणि कमरेच्या झोळीत टाकायचे. काटे बारीक पण दाट असल्याने हात ओरबाडून निघतात. खुडलेली फुले त्याच दिवशी भट्टीला लागावी लागतात. ढिगात राहिली तर तापतात, आंबतात आणि वास बिघडतो.

जुनी भट्टी म्हणजे ओढ्याकाठची एक शाकारलेली पडवी, ‘ग्युलापाना’. तिच्यात दगडी चुलाण्यांवर तांब्याच्या कढया ओळीने मांडलेल्या असत. एका कढईत दहा-पंधरा किलो फुले आणि त्यांच्या चार-पाच पट पाणी. वर घुमटाकार झाकण, त्यातून निघालेली नळी थंड पाण्याच्या लाकडी पिंपातून जाई आणि पलीकडे सुगंधी पाणी ठिबकत राही. उत्तर प्रदेशातल्या कनोजची अत्तराची जुनी भट्टी, म्हणजे डेग-भपका, ज्यांनी पाहिली आहे त्यांना ही मांडणी ओळखीची वाटेल. फरक पुढे आहे. बल्गेरियात हे पहिले पाणी साठवून पुन्हा एकदा उकळतात आणि दुसऱ्या वेळचे पाणी लांब मानेच्या बाटलीत धरतात. तासाभरात बाटलीच्या मानेत पिवळसर हिरवट तेलाचा पातळ थर चढतो. तो काढायला उलट्या शंकूच्या आकाराचा एक इवलासा पत्र्याचा चमचा असे, आणि त्याच्या बुडाला सुईच्या अग्राएवढे छिद्र. चमचा बुडवून उचलला की पाणी छिद्रातून गळून जाई आणि तेल आत अडून राही. एवढ्या मोठ्या पडवीतल्या साऱ्या खटाटोपाचे फळ त्या चमच्यात मावत असे.

एक किलो तेलाला साधारण ३,००० ते ४,००० किलो फुले लागतात. म्हणून ते किलोने विकलेच जात नसे. ‘मुस्काल’ हे तिथले माप पावणेपाच ग्रॅमच्या आसपास भरे; तेवढ्या तेलापाठी पंधरा-वीस किलो फुले खर्ची पडत. मोठा माल ‘कोंकुम’ नावाच्या कल्हईच्या चपट्या तांब्याच्या भांड्यांत भरत, भांडी पांढऱ्या लोकरी कापडात शिवून टाकत आणि शिवणीवर मोहोर करत. माल इस्तंबूलमार्गे पॅरिस, लंडन, लाइपझिगकडे जाई. काझानलकच्या पापाझोग्लू घराण्याची निर्यातपेढी १८२० ची. प्रशियाचा तरुण अधिकारी हेल्मुट फॉन मोल्टके १८३७ साली सुलतान दुसरा महमूद याच्या दौऱ्यात इथून गेला आणि त्याने या भागाला युरोपातला काश्मीर म्हटले. पुढे तो जर्मन सैन्याचा फील्ड मार्शल झाला.

१८३७ सालीच जवळच्या कार्लोवोत वासिल लेव्स्की जन्मला. बल्गेरियाच्या स्वातंत्र्यलढ्यातला हा सर्वांत मोठा संघटक १८७३ साली फाशी गेला. क्रांतिकारक कवी ख्रिस्तो बोतेव कालोफेरचा, कादंबरीकार इव्हान वाझोव सोपोतचा. एवढ्याशा पट्ट्यात ही माणसे एकवटली हा निव्वळ योगायोग आहे असे मला वाटत नाही. गुलाबतेल, लोकर आणि विणकाम यांच्या व्यापारातून इथल्या गावांत पैसा आला, शाळा निघाल्या, बाहेरच्या जगाशी ये-जा वाढली. बल्गेरियातले पर्यटनफलक गुलाब आणि क्रांती वेगवेगळी मांडतात. मला ती एकाच गोष्टीची दोन पाने वाटतात.

आता खानदेश. नंदुरबार, शहादे, तळोदे, पिंपळनेर, अक्राणी या भागातल्या डोंगरउतारांवर रोशा गवत माजते. त्याला गुलाबासारखा वास येतो. पावसाळा सरत आला आणि गवत फुलोऱ्यावर आले की नाल्यांच्या काठी चुली पेटत. कढईत गवत ठासून भरायचे, झाकणाच्या फटी लिंपायच्या, वाफ नळीतून वाहत्या पाण्यात बुडवलेल्या भांड्यात न्यायची. ही कामेही गोऱ्या साहेबांच्या गॅझेटियरांत नोंदली गेली. तेल मुंबई बंदरातून तांबड्या समुद्राकडच्या बंदरांना आणि पुढे इस्तंबूलला जाई. तिथे त्याचे नाव ‘इद्रिस याघी’. त्यावर लिंबाचा रस वगैरेंची प्रक्रिया करून उन्हात ठेवले की रंग उतरे, उग्रपणा कमी होई आणि ते गुलाबतेलात मिसळायला तयार होई. काही ठिकाणी तर भट्टीला लावण्यापूर्वी फुलांवरच ते शिंपडत, म्हणजे दोन्ही तेले एकजीव होऊनच बाहेर येत. युरोपात हे भारतातले तेल इस्तंबूलहून येते म्हणून त्याला बराच काळ ‘टर्किश जिरॅनियम’ म्हणत. आज ते पामारोझा या नावाने साबणांत आणि सुगंधी द्रव्यांत उजळ माथ्याने वापरले जाते.

भेसळ इतकी सहज का साधे? दोन्ही तेलांत जिरॅनिऑल हा गुलाबासारखा वास देणारा घटक भरपूर असतो, त्यामुळे नाक फसते. पण अस्सल गुलाबतेलात आणखी एक गोष्ट असते: फुलातून येणारे मेणासारखे द्रव्य. त्याला स्वतःचा वास नाही, मात्र त्याच्यामुळे तेल साधारण २० अंश सेल्सियसच्या आसपास गोठू लागते. कुपी थंड पाण्यात धरली की आत चकचकीत पापुद्रे धरतात आणि तळहाताच्या उबेने विरघळतात. व्यापारी याच गुणावर भिस्त ठेवत. रोशाचे तेल मिसळले की गोठण्याचा अंश खाली येई आणि लबाडी उघडी पडे. मग लबाडांनी त्यात देवमाशाच्या डोक्यातले मेण घालायला सुरुवात केली. परीक्षा आणि पळवाट यांची ही शर्यत एकोणिसावे शतकभर चालली. ज्या खानदेशी मजुरांनी नाल्याकाठी हे गवत उकळले त्यांना पलीकडच्या टोकाला त्याचे काय होते याचा पत्ता असण्याचे कारणच नव्हते. त्यांच्या मालाला गिऱ्हाईक होते ते मात्र या दूरच्या गुलाबामुळे.

१८७७-७८ च्या रशिया-तुर्कस्तान युद्धात हे खोरेच रणभूमी झाले. या युद्धातल्या मोठ्या लढाया जिथे झाल्या ती शिप्का खिंड काझानलकच्या डोक्यावर आहे. कार्लोवो आणि कालोफेर उद्ध्वस्त झाली, दक्षिणेकडचे स्तारा झागोरा जळाले. उस्मानी सत्ता ओसरली तशी हजारो मुस्लिम कुटुंबे अनातोलियाकडे निघून गेली आणि गुलाबाचे ज्ञानही त्या वाटेने गेले. तुर्कस्तानातल्या इस्पार्ता इथे इस्माईल एफेंदी यांनी १८८८ साली लागवड सुरू केली आणि काही वर्षांत तेल काढले. आज इस्पार्ता हा बल्गेरियाचा थेट प्रतिस्पर्धी आहे, आणि दोन्हीकडचे झाड तेच आहे.

या पार्श्वभूमीवर १९०३ साली काझानलकमध्ये पहिला गुलाबोत्सव झाला. नागरिकांनी पुढाकार घेऊन धर्मादाय कामासाठी भरवलेला तो छोटा मेळा होता. राणी, विदेशी पाहुणे, मोठ्या मिरवणुका हे सारे नंतरचे. त्या दशकात व्यापाराची घडीही बदलत होती. ओढ्याकाठच्या कढया मागे पडून वाफेवर चालणाऱ्या मोठ्या भट्ट्या आल्या. १९०७ साली काझानलकला गुलाबाचे प्रयोगक्षेत्र सुरू झाले; आजची गुलाब आणि सुगंधी वनस्पतींची संशोधनसंस्था त्यातूनच वाढली. तर्निचेने गावातली एन्यो बोन्चेव्ह भट्टी १९०९ ची. दोन महायुद्धांत अन्नधान्यासाठी गुलाबाची शेते मोडली. १९४७ च्या सुमारास कम्युनिस्ट सरकारने भट्ट्या ताब्यात घेतल्या, शेते सामुदायिक झाली आणि उत्सव राष्ट्रीय झाला. १९६७ मध्ये गुलाब संग्रहालयाचा पाया पडला. तिथल्या जुन्या भांड्यांना अजून वास येतो.

१९८९ मध्ये कम्युनिस्ट राजवट कोसळल्यानंतर जमिनी वारसांना परत मिळाल्या. पण तुकड्यांत विभागलेल्या आणि पन्नास वर्षे मालकाविना राहिलेल्या जमिनीवर गुलाब टिकवणे अवघड होते, म्हणून क्षेत्र आधी घटले आणि मग सावकाश सावरले. बोन्चेव्ह घराण्याला आपली भट्टी १९९२ मध्ये परत मिळाली. बल्गेरियन गुलाबतेलाला २०१४ साली युरोपीय संघाचे भौगोलिक मानांकन मिळाले, आणि २०२० मध्ये तेली गुलाबासाठी स्वतंत्र कायदा आला. त्यात शेते, भट्ट्या आणि फुलांची खरेदी यांची नोंद सक्तीची झाली. खानदेशी गवताच्या काळापासून चाललेल्या त्या शर्यतीचाच हा पुढचा टप्पा आहे. फरक इतकाच की आता कुपी थंड पाण्यात न धरता प्रयोगशाळेत तेलाचे एकेक घटक मोजले जातात.

तेल किलोला कित्येक लाख रुपयांनी विकले जाते, पण फुलांचा भाव शेतकऱ्याच्या हाती नसतो. खरेदीदार मोजके आणि फूल दुपारपर्यंतही थांबत नाही. अशा सौद्यात पडते घ्यावे लागते ते शेतकऱ्यालाच. भावासाठी त्यांनी आंदोलने केली आहेत, काहींनी झाडे उपटून लॅव्हेंडर लावले आहे. खुडणीचे काम बव्हंशी रोमा (जिप्सी) समाजातली माणसे करतात, आणि त्यांतले पुष्कळ पश्चिम युरोपात कामाला गेल्यामुळे पहाटे हात कमी पडतात. मिरवणुकीच्या रंगीत पोशाखांत ही माणसे फारशी दिसत नाहीत. उत्सव त्यांच्या मेहनतीवर उभा आहे, आणि मिरवणुकीच्या पुढच्या रांगेवर त्यांचा हक्क असायला हवा असे मला वाटते.

जाणाऱ्यांसाठी एवढेच: उत्सवाची तारीख कॅलेंडर पाळते, गुलाब मात्र हवामान पाळतो. ज्या वर्षी वसंत लवकर तापतो त्या वर्षी जूनचा पहिला रविवार येईतो खरी खुडणी संपत आलेली असते. नाचगाणे आणि राणी बघायची तर जून गाठावा. भट्टी पेटलेली आणि शेतात माणसे कामाला लागलेली बघायची तर मेचा शेवटचा आठवडा बरा. सोफियाहून काझानलक साधारण २०० किलोमीटरवर आहे. मुक्काम मात्र खोऱ्यातच करावा, कारण खुडणी बघायची तर पहाटे पाचला शेतात हजर राहावे लागते.