फौजदारी कार्यवाही रद्द करणे

पोलिसांनी नोंदवलेला गुन्हा, त्यावरचे आरोपपत्र किंवा खासगी फिर्यादीवर दंडाधिकाऱ्याने काढलेले प्रोसेस (आरोपीला हजर राहण्याचा समन्स किंवा वॉरंटचा आदेश), खटला न चालवताच मोडीत काढण्याचा उच्च न्यायालयाचा अधिकार. वकील त्याला ‘क्वॉशिंग’ म्हणतात. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ मध्ये आहे. त्याआधी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४८२ होते. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालीही तो वापरता येतो. किल्ला कोर्टाला (मुंबईतल्या दंडाधिकारी न्यायालयाला) किंवा सत्र न्यायालयाला गुन्हा रद्द करता येत नाही. तिथे आरोपपत्रानंतर दोषमुक्तीचा, म्हणजे खटला सुरू होण्याआधीच सुटकेचा, अर्ज करता येतो (नव्या संहितेत त्याला ६० दिवसांची मुदत आहे) आणि प्रोसेसविरुद्ध सत्र न्यायालयात पुनरीक्षण चालते.

मुंबईत नोंदलेल्या गुन्ह्याचा अर्ज मुंबई उच्च न्यायालयाच्या फोर्टमधल्या मुख्य पीठापुढेच जातो. गुन्हा किंवा आरोपपत्र रद्द करण्याची मागणी सहसा दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे लागते, तर खासगी फिर्यादीतल्या प्रोसेसला दिलेले आव्हान एकल न्यायमूर्तींपुढे. राज्य सरकार आणि मूळ फिर्यादी दोघेही प्रतिवादी असतात. फिर्यादीला नोटीस बजावल्याशिवाय निकाल सहसा होत नाही, आणि त्याचा जुना पत्ता दिला की तारखांवर तारखा पडतात.

मुख्य कसोटी ही: फिर्यादीतला मजकूर शब्दशः खरा धरला, तरी गुन्हा बनतो का? भजनलाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सात प्रकारची प्रकरणे उदाहरणादाखल सांगितली. गुन्ह्याचे घटकच नसणे, कायद्याने कार्यवाहीला मनाई असणे, आरोप कोणाही शहाण्या माणसाला न पटणारे असणे आणि सूड उगवण्यासाठी फिर्याद देणे हे त्यांतले नेहमी वापरले जाणारे. केवळ वैर पुरेसे नाही. दुखावलेल्या माणसाची फिर्यादही खरी असू शकते.

समजा, बोरिवलीतल्या ठेकेदाराने फर्निचरसाठी ४ लाख रुपये आगाऊ घेतले, निम्मे काम केले आणि मग फोन उचलणे बंद केले. फसवणुकीच्या कलमाला पैसे घेतानाच लबाडीचा हेतू असावा लागतो. फिर्यादीत फक्त अपुरे काम आणि न परतवलेली रक्कम असेल, तर तो दिवाणी वाद ठरू शकतो. पण त्याने दुकानाचा खोटा पत्ता दिला, त्याच दिवसांत आणखी तिघांकडून पैसे उचलले, असे लिहिले असेल तर अर्ज टिकणे अवघड. दिवाणी दावा चालू आहे एवढ्यावर गुन्हा रद्द होत नाही. एकाच व्यवहारातून दोन्ही निघू शकतात.

बरेच अर्ज फेटाळले जातात ते आरोपी आपला बचाव मांडत बसतो म्हणून. व्हॉट्सअॅपचे स्क्रीनशॉट, साक्षीदार खोटे बोलतो हे म्हणणे, ‘मी तिथे नव्हतो’ ही गोष्ट हे सगळे खटल्यात तपासायचे. अपवाद अशा कागदाचा, ज्याच्या खरेपणाबद्दल वादच नाही आणि जो आरोप मुळातून खोडून काढतो. २०१३ च्या राजीव थापर निकालाने ही वाट मोकळी ठेवली, पण ती अरुंद आहे.

वैवाहिक छळाच्या गुन्ह्यांत नवऱ्याचा आणि नातेवाइकांचा अर्ज वेगवेगळा तोलला जातो. ठाण्यात नांदणाऱ्या नणंदेबद्दल ‘सासरच्या सर्वांनी त्रास दिला’ एवढेच असेल, कोणी, कधी, काय केले याचा पत्ता नसेल, तर तिच्यापुरता गुन्हा रद्द होतो आणि नवऱ्यावरचा चालू राहतो.

तडजोडीने रद्द करणे हा वेगळा मार्ग. कायद्याने आपसात न मिटणारे गुन्हेही उच्च न्यायालय संमतीने रद्द करू शकते, हे ज्ञानसिंग निकालाने २०१२ मध्ये पक्के केले. मात्र खून, बलात्कार, दरोडा, भ्रष्टाचार यांना सहसा ही सवलत नाही, कारण तिथे इजा समाजाला होते. फिर्यादीने ना-हरकत प्रतिज्ञापत्र द्यायचे, ओळखपत्र घेऊन हजर राहायचे. दबाव नाही ना, हे न्यायालय त्याला विचारते. प्रतिज्ञापत्रात ‘गैरसमजातून फिर्याद दिली’ हे ठरीव वाक्य न घालता रक्कम कशी फेडली, दागिने कधी परत केले, घटस्फोटाच्या अर्जाचे काय झाले, हे लिहावे. पुढच्या तारखेचे चेक घेऊन संमती देणे धोक्याचे: चेक परत आला, तरी रद्द झालेला गुन्हा आपोआप जिवंत होत नाही.

अर्ज दाखल केल्याने तपास थांबत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या एका अंतरिम आदेशावरूनच निहारिका प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. ‘सक्तीची कारवाई करू नये’ असा कारणांविना सरसकट आदेश देऊ नये, असे १३ एप्रिल २०२१ रोजी ठरले. म्हणून अटकेची भीती असेल तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज स्वतंत्रपणे करावा लागतो. दरम्यान आरोपपत्र आले तर अर्ज निरर्थक होत नाही, पण दुरुस्ती करून आरोपपत्रालाही आव्हान द्यावे आणि जबाब जोडावेत. नुसत्या फिर्यादीवरचा युक्तिवाद तेव्हा लंगडा पडतो.

आदेश झाल्यावर त्याची प्रमाणित प्रत पोलीस ठाण्यात आणि दंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयात स्वतः नेऊन द्यावी. ती नोंदीवर येईपर्यंत खालच्या न्यायालयातली तारीख चुकवली, तर वॉरंट निघू शकते.