जिन्याच्या तोंडाशी किती माणसं?

२९ सप्टेंबर २०१७ च्या सकाळी मुंबईत एल्फिन्स्टन रोड आणि परळ स्थानकांना जोडणाऱ्या पुलाच्या जिन्यावर २३ जणांचा जीव गेला. पाऊस होता, लोक जिन्यावर अडकले आणि मागून माणसं येतच राहिली. अशा जागी ‘दिवसभरात किती लोक आले’ हा आकडा उपयोगाचा नाही. जिन्याच्या तोंडाशी एका चौरस मीटरमध्ये किती जण उभे आहेत आणि ते सरकताहेत का, हे दर काही सेकंदांनी कळायला हवं.

ब्रिटनमधल्या स्टेडियमसाठीचं प्रमाण असं: मीटरभर रुंदीतून मिनिटाला सपाट वाटेवर ८२ जण, जिन्यावर ६६. म्हणजे दोन मीटर रुंद जिन्यावरून मिनिटाला १३२. गाडीतून उतरलेले ५०० जण एकदम जिन्याशी आले, तर पहिल्या मिनिटाअखेर ३६८ खोळंबलेले असतात. चौरस मीटरला चार जण धरले तरी त्यांना ९२ चौरस मीटर जागा लागते. तीन मिनिटांनी पुढची गाडी आली, तेव्हाही त्यातले शंभरेक तिथेच असतात.

घनता, म्हणजे एका चौरस मीटरमधली माणसं, सहा-सातच्या पुढे गेली की माणूस स्वतःच्या पायांनी चालत नाही. एका कडेचा रेटा पाण्यातल्या लाटेसारखा दुसऱ्या कडेपर्यंत जातो. मक्केजवळच्या मिना इथे २००६ मध्ये झालेल्या दुर्घटनेच्या चित्रीकरणात संशोधकांना अशा लाटा स्पष्ट दिसल्या. ‘चेंगराचेंगरी’ म्हटलं की पायदळी तुडवलं जाणं डोळ्यांसमोर येतं. प्रत्यक्षात बरेच जण उभ्याउभ्याच गुदमरतात, कारण छाती फुगायलाच जागा उरत नाही.

मग ही माणसं मोजायची कशानं? दारावरचा इन्फ्रारेड किरण खांद्याला खांदा लावून जाणाऱ्या दोघांना एकच मोजतो. डोक्यावरून सरळ खाली बघणारा, अंतर मोजणारा दुहेरी भिंगाचा कॅमेरा त्यापेक्षा भरवशाचा; त्याला चेहरे टिपावेच लागत नाहीत. पण छत्र्या उघडल्या की त्याचीही मोजणी चुकते. फोनच्या वाय-फाय संकेतांवरून माणसांची मोजणी आता फसवी झाली आहे, कारण नवे फोन ओळख पटवणारा आपला वाय-फाय पत्ता सतत बदलतात आणि एकच फोन अनेकदा मोजला जातो.

आत आलेल्यांतून बाहेर गेलेले वजा करणाऱ्या यंत्रणेत चूक साठत जाते. ५०,००० प्रवेशांत दोन टक्के सुटले, तर संध्याकाळी हजार माणसांचा फरक. म्हणून जागा रिकामी होते तेव्हा आकडा रोज शून्यावर आणायचा, आणि बसवल्यावर ऐन गर्दीत पंधरा मिनिटं हातानं मोजून ताळा घ्यायचा. कॅमेऱ्याखाली पांढऱ्या पट्टीनं एक चौरस मीटर आखून ठेवला की पडद्यावरची घनता डोळ्यांनीही तपासता येते.

सर्वांत मोठी चूक सरासरीची. पूर्ण पुलाची सरासरी तीन दिसते, तेव्हाच जिन्याच्या पहिल्या पायरीशी सात असू शकतात. म्हणून इशारा त्या चार-पाच चौरस मीटरवरच लावायचा: तीनला पहारेकऱ्याला खबर, चारला मागून येणाऱ्यांना रोखणं. घनता वाढतेय आणि बाहेर पडणारे मात्र कमी होताहेत, असं दिसलं तर चारची वाटही पाहायची नाही. रोखायचं ते आत येणाऱ्या बाजूला, बाहेर पडणाऱ्या बाजूला कधीच नाही.