गिरकी, आभलं आणि पाच मेगाबिट

‘हेल्लारो’ थिएटरात पाहिलेल्या कुणी तो पुन्हा घरी स्ट्रीमिंगवर पाहिला आणि गरब्याच्या प्रसंगात चित्र गढूळ होतं अशी कुरकुर केली, तर दोष लगेच वायफायला देऊ नये. अभिषेक शाह यांचा हा २०१९चा गुजराती सिनेमा. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा पहिलाच गुजराती सिनेमा तो. काळ १९७५, जागा कच्छच्या रणातलं एक गाव. गरबा पुरुषांनी खेळायचा, बायकांनी नाही. पाणी आणायला जाताना वाटेत ढोल वाजवणारा ढोली भेटतो आणि बायका चोरून फेर धरतात. सिनेमाचा जीव या फेरात आहे. गोम अशी, की व्हिडिओ आकसून लहान करणाऱ्या प्रणालीला, म्हणजे कोडेकला, नेमकं हेच झेपत नाही.

आधी हिशेब पाहू. फुल एचडी चित्रात सुमारे २०.७ लाख पिक्सेल असतात. प्रत्येकाला २४ बिट आणि सेकंदाला २४ चित्रं धरली, तर कच्चा माल सेकंदाला साधारण १,२०० मेगाबिट भरतो. थिएटरातल्या डिजिटल प्रतीला २५० मेगाबिटपर्यंत मुभा असते. घरी येतात पाचेक. बाकीचं सगळं कोडेकने गाळलेलं असतं.

त्याची मोठी बचत होते ती उसनवारीतून. एच.२६४ या प्रचलित पद्धतीत चित्राचे १६ बाय १६ पिक्सेलचे चौकोन पाडतात. पुढचं चित्र पुन्हा लिहीत बसण्याऐवजी ‘मागच्या चित्रातला तो तुकडा उचल, इथे ठेव’ एवढाच निरोप जातो. मातीची भिंत, मोकळं आकाश, ओळीने चाललेले उंट, सगळं यात स्वस्तात भागतं. पण बाई गिरकी घेते तेव्हा घागऱ्याचा घेर फुलतो, चुण्या उघडतात, आत्ता दिसणारं कापड पुढच्या क्षणी घडीत जातं. उचलायला जुना तुकडाच उरत नाही. त्यात कपड्यांवरची आभली. उन्हाचा कोन जुळला की एखादं आभलं लखकन चमकतं आणि एक-दोन चित्रांत विझतं. त्याचा अंदाज कसा बांधणार? उडालेल्या धुळीचंही तेच.

जे उसनं मिळत नाही ते नव्याने लिहायचं, आणि त्यासाठी डीसीटी नावाचं गणित वापरतात. बंगळुरूत जन्मलेले नासिर अहमद यांनी टी. नटराजन आणि के. आर. राव यांच्यासोबत ते १९७४ मध्ये मांडलं. हळूहळू बदलणाऱ्या छटा यात चार-दोन आकड्यांत मावतात. टोकदार चमकेला मात्र ढीगभर आकडे लागतात. बिटांचा कोटा संपत आला की कोडेक बारीकसारीक आकडे सरळ शून्य करतो, आणि आभल्याच्या जागी करडा चौकोनी डाग येतो. सोसायटीतल्या गरब्याचा व्हिडिओ व्हॉट्सअ‍ॅपवरून फिरून आला की खिचडी होते ती याचमुळे. तिथे तर गाळणी दोनदा लागलेली असते.

रंगाची कंजुषी वेगळीच. आपल्या डोळ्यांना उजेड-अंधारातला फरक बारकाईने कळतो, रंगातला तितका नाही. म्हणून उजेडाची नोंद दर पिक्सेलला होते आणि रंगाची चार पिक्सेलमागे एकदाच. चेहऱ्यांना हे खपून जातं. लाल बांधणीवरचा पिवळा ठिपका दोन-तीन पिक्सेलचाच असेल तर मात्र त्याचं पिवळेपण आजूबाजूच्या लालात मुरतं. ठिपका दिसतो, पण विटका. फोनच्या पडद्यावर हे कळत नाही. मोठ्या टीव्हीसमोर जवळ बसलं की कळतं.

२०१८ मध्ये आलेल्या एव्ही१ या कोडेकने तुकडा नुसता सरकवण्याऐवजी फिरवण्याची आणि ताणण्याचीही सोय केली. गिरकीला त्याने थोडा हातभार लागतो, चमकणाऱ्या आभल्याला नाही. त्याला लागतात ते बिटच. तेव्हा अ‍ॅपमध्ये ‘ऑटो’वर न सोडता सर्वांत वरचा दर्जा निवडावा, आणि टीव्हीतली हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद ठेवावी. दोन चित्रांच्या मध्ये ती स्वतःच्या कल्पनेची चित्रं घुसवते, आणि गरब्यात तिचे अंदाजही तसेच फसतात.