भरपाईचा ‘आयुक्त’ नेमका कोण?

परांचीवरून पडून गवंडी दगावतो. महिन्याभराने त्याची बायको प्लास्टिकच्या पिशवीत शवविच्छेदनाचा अहवाल आणि पंचनाम्याची झेरॉक्स घेऊन कामगार आयुक्तांच्या कार्यालयात पोहोचते, कारण ‘आयुक्तांकडे अर्ज कर’ असं तिला कुणीतरी सांगितलेलं असतं. दोन तास बसल्यावर कळतं, ते आयुक्त हे नव्हेत. तिच्या खेपा वाया जातात त्या कायद्यातल्या एका शब्दामुळे, आणि हा शब्द शंभर वर्षांचा आहे.

कामावरच्या अपघाताची भरपाई मालकाकडून मिळवून देणाऱ्या १९२३ च्या कायद्याने दिवाणी न्यायालयांना या दाव्यांपासून मुद्दाम दूर ठेवलं. तिथे मालकाची चूक सिद्ध करावी लागे आणि खटला वर्षानुवर्षं चाले. त्याऐवजी ‘कमिशनर’ आला, पण तो कुणाला नेमायचं हे सरकारवर सोडलं गेलं. मग काही राज्यांत कामगार खात्याचे अधिकारी या खुर्चीत बसले. महाराष्ट्रात बऱ्याच ठिकाणी कामगार न्यायालयाचे न्यायाधीशच हे काम पाहत आले. कायदा एकच, पण एकीकडे निवाडा खात्याचा, दुसरीकडे न्यायाधीशाचा.

खात्याच्या बाजूने बोलणारे सांगतात की अधिकाऱ्याला कारखाना माहीत असतो आणि कामगाराला त्याच्यासमोर कमी दडपण येतं. यात तथ्य आहे. पण या खुर्चीत काय ठरतं ते पाहा. हजेरीपट नाही, ठेकेदार रोख पैसे देत होता, अशा वेळी तो माणूस कामगार होता की नाही? अपघात कामाच्या ओघात झाला का? सत्तरच्या दशकात सर्वोच्च न्यायालयासमोर एका सुताराचं प्रकरण होतं. डावा हात कोपराच्या वरून गेलेला. सुतारकाम एका हाताने होत नाही, म्हणून त्याची कमाईची क्षमता शंभर टक्के गेली, हा आयुक्तांचा निष्कर्ष न्यायालयाने उचलून धरला. भरपाई अपघाताच्या दिवसापासूनच देय होते, हेही तिथेच ठरलं. उच्च न्यायालयात अपील होतं ते फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर. म्हणजे वस्तुस्थितीबद्दल आयुक्त जे लिहितो ते जवळजवळ अखेरचं. इतकं वजन असलेलं काम पुरावा तोलायची सवय असलेल्या माणसाकडेच हवं.

२००९ च्या दुरुस्तीने पात्रता ठरवली ती मात्र दोन्ही दारं उघडी ठेवून. न्यायसेवेत किंवा वकिलीत पाच वर्षं काढलेला माणूस चालेल, आणि मनुष्यबळ व्यवस्थापनाचं शिक्षण नि अनुभव असलेला राजपत्रित अधिकारीही चालेल. माणसं कामावर ठेवण्याचा अनुभव हा निवाड्याचा अनुभव कसा झाला, हे पटत नाही. याच दुरुस्तीने दावा तीन महिन्यांत निकाली काढण्याचं बंधन घातलं. साक्षीदाराला समन्स पोहोचण्यातच त्यातला किती वेळ जातो, हे तारखांना जाणाऱ्यांना विचारा.

खऱ्या अर्थाने उपयोगी पडली ती १९९५ ची दुरुस्ती. त्याआधी दावा अपघात झाला तिथेच लावावा लागे. मुंबईत मेलेल्या मजुराची बायको बीडला राहत असेल, तर तिने प्रत्येक तारखेला मुंबई गाठायची. आता ती राहते तिथे दावा लावता येतो.

शिवाय वाटा फुटतात. कामगार राज्य विम्याखाली (ईएसआय, कामगारांसाठीची सरकारी विमा योजना) असेल तर या आयुक्तांचं दार बंद, वाद विमा न्यायालयात. ट्रकवर असताना अपघात झाला तर मोटार अपघात न्यायाधिकरण किंवा हा कायदा, दोन्हींपैकी एकच निवडायचं. ही निवड बहुतेकदा घाईत, अंत्यविधीच्या आठवड्यातच होते.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि १९२३ चा कायदा तिच्यात विरघळला. ‘आयुक्त’ जाऊन ‘सक्षम प्राधिकारी’ आला. पात्रतेची दोन्ही दारं तशीच उघडी आहेत, आणि नेमणूक आजही सरकारच्या अधिसूचनेने होते. न्यायाधीश की खात्याचा अधिकारी, हे त्या कागदावर ठरणार.