डीएलएल डिलीट करण्याआधी

अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या ओळखीच्या एका टॉवेल कारखान्यात गेल्या आठवड्यात हिशेबाचं सॉफ्टवेअर उघडेनासं झालं. संगणक बघायला आलेल्या मुलाने 'लिबईएवाय32.डीएलएल' नावाची फाइल उडवली होती. ही फाइल पासवर्डचे हॅश काढणाऱ्या टूलबरोबर येते, असं त्याच्या वाचनात आलं होतं. वाचलं ते खरं होतं, निष्कर्ष मात्र चुकला.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामना लागणारं काम एका जागी ठेवलेली फाइल. लहान कारखानदार स्वतःचं डाईंग काढत बसत नाही, सूत डाईंगवाल्याकडे देतो, तसा प्रोग्राम अवघड काम डीएलएलवर सोपवतो. लिबईएवाय32 ही ओपनएसएसएल या मुक्त लायब्ररीची विंडोजवरची जुनी फाइल. कूटलेखनाचं गणित हे तिचं काम. सर्व्हरशी सुरक्षित बोलायला कितीतरी सरळमार्गी सॉफ्टवेअर ती वापरत आली आहेत, आणि पीडब्ल्यूडंप7 हे हॅश काढणारं टूलही तीच वापरतं. 2002 साली तर टेडी बेअरचं चित्र असलेली फाइल व्हायरस आहे, ती काढा आणि सगळ्यांना कळवा, अशी मेल जगभर फिरली होती. ती फाइल विंडोजचीच होती.

हॅश काढतात म्हणजे काय? विंडोज पासवर्ड जसाच्या तसा साठवत नाही. त्यावर एकतर्फी गणित करून आलेला ठरावीक लांबीचा आकडा, म्हणजेच हॅश, 'सॅम' नावाच्या फाइलमध्ये ठेवतं. लॉगिनच्या वेळी तुम्ही टाइप केलेल्यावर तेच गणित होतं आणि दोन्ही आकडे ताडून पाहिले जातात. आकड्यावरून उलट पासवर्डाकडे जाता येत नाही, म्हणून चोर अंदाज करत सुटतो. किती अंदाज करावे लागतील, यावर सगळी मदार. एक्सपीपर्यंत विंडोज साठवत असलेला 'एलएम हॅश' नेमका इथेच ढासळला, आणि तो कसा ढासळला हे प्रत्येकाने एकदा बारकाईने पाहावं.

रोमन लिपीत 'सोलापूर' आणि पुढे 123 असा पासवर्ड घ्या. आधी सगळी अक्षरं कॅपिटल होतात. मग शेवटी शून्य बाइट जोडून लांबी 14 केली जाते आणि मधोमध दोन तुकडे पडतात. एस-ओ-एल-ए-पी-यू-आर ही सात अक्षरं एकीकडे, 123 आणि चार शून्यं दुसरीकडे. सातच का? सात अक्षरांचे 56 बिट होतात आणि डीईएस या कूटपद्धतीची किल्ली बरोबर 56 बिटांची असते. प्रत्येक तुकड्याची किल्ली करून तिने एक ठरलेला मजकूर बंद करायचा: के, जी, एस आणि पुढे शिफ्ट धरून 1 ते 5. जगातल्या प्रत्येक विंडोजवर हाच मजकूर.

आता हिशेब करा. 26 अक्षरं आणि 10 अंक धरले तर 14 जागांच्या शक्यता 22 अंकी संख्येत जातात. पण तुकडे स्वतंत्र असल्यामुळे 14 जागा एकदम शोधाव्याच लागत नाहीत. सात जागांच्या सुमारे 7,836 कोटी शक्यता तपासल्या की दोन्ही तुकडे हाती येतात. सेकंदाला शेकडो कोटी अंदाज तपासणाऱ्या आजच्या ग्राफिक्स कार्डाला हे मिनिटभराचं काम. शिवाय पासवर्ड सात अक्षरांचा किंवा त्याहून लहान असला की दुसरा तुकडा रिकामा राहतो आणि त्याचा हॅश नेहमी 'एएडी3बी435'नेच सुरू होतो. चोराला नुसतं बघूनच कळतं की पासवर्ड सात अक्षरांहून मोठा नाही.

व्हिस्टापासून एलएम हॅश आपोआप साठवणं बंद झालं. उरलेला एनटी हॅश तुकडे करत नाही, कॅपिटल-स्मॉलही पाळतो, पण त्यात 'सॉल्ट' नाही. सॉल्ट म्हणजे गणिताआधी पासवर्डात मिसळलेली, दर खात्याला वेगळी असलेली यादृच्छिक भर. मॉरिस आणि थॉम्प्सन यांनी युनिक्ससाठी ही युक्ती 1979 सालीच लिहून ठेवली होती. सॉल्ट नसल्यामुळे नवी पेठेतल्या दुकानात आणि पुण्यातल्या ऑफिसात पासवर्ड एकच असेल तर हॅशही एकच येतो. जन्मतारीख असो की ज्योतिषाने काढून दिलेला शुभांक, निव्वळ आठ अंकांच्या सगळ्या शक्यता संपायला सेकंदही लागत नाही.

विंडोज चालू असताना सॅम फाइल कुलूपबंद असते. म्हणून पीडब्ल्यूडंप2 या हॅश काढणाऱ्या जुन्या टूलने वेगळी वाट काढली. लॉगिन सांभाळणाऱ्या 'एलसॅस' प्रक्रियेच्या पोटात आपली डीएलएल घुसवायची. मग विंडोजचीच सॅमएसआरव्ही ही लायब्ररी मुकाट्याने हॅश देते, कारण तिच्या दृष्टीने विचारणारा एलसॅसच असतो. यासाठी अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचा अधिकार लागतो. रोजच्या बिलिंगला अ‍ॅडमिनचं खातं वापरू नका, असं मी कारखान्याकारखान्यांतून सांगत असतो ते याचसाठी. विंडोज 8.1 पासून एलसॅसमध्ये परकी डीएलएल शिरू न देण्याची सोयही आहे. ती चालू आहे का, ते बघून घ्या.

संशयित फाइल दिसली तर ती कोणत्या फोल्डरमध्ये आहे, कधी आली आणि कोणता प्रोग्राम ती वापरतोय, हे तपासायचं. नावावर जायचं नाही. जून 2017 मध्ये नॉटपेट्या या व्हायरसने एलसॅसच्या मेमरीतून लॉगिनची माहिती काढून एका संगणकावरून दुसऱ्यावर उड्या मारल्या. आपल्या टॉवेलांचे कंटेनर ज्या न्हावाशेव्यातून जातात, तिथल्या जेएनपीटी बंदराचं एक टर्मिनल त्यात ठप्प झालं. हा नॉटपेट्या म्हणजे एक डीएलएलच होती, पण तिचं नाव होतं 'पर्फसी.डॅट'.